प्रोटियाले पाणी

वलगाव,
ता. १२ मे १९५९

सिंधू,

वर काय लिहावं ते समजलं नाई म्हणून नुसतं नाव लिहिलं. सौ. आता लिहिता येत नाई. गं. भा. लिहाले बसली त हातच उठेना. अजून पंचविशी नाई झाली तुही अन् मी तुले गं. भा. लिहू? जळो ते. ज्याले लिहाचं असन तो लिहो.

तू गेल्यापासून हे माहं पहिलंच पत्र. मी मोर्शीच्या शाळेत चौथी पास झालेली बाई, बोलते तसंच लिहिते. तू अकोल्यात मास्तरीण होणार असं कानावर आलं. त लाल शाई काढून माह्या चुका काढत बसू नको.

परवा अखजी झाली. सूर्यभान गेल्यावरची पहिली अक्षय तृतीया. दरवर्सी माह्या सासू-सासऱ्याच्या नावानं घागर भरत होतो, यंदा पोराच्या नावानं भरा लागली. तुहे मामाजी, सूर्यभानचे बाबा, पाटावर बसले, घागरीवर खरबूज ठेवलं, पन्ह्याची वाटी ठेवली, हात जोडले अन् उठून सरके वावरात निघून गेले. जेवले नाई. पुरणपोळ्या तशाच राहिल्या.

मंग मी ती घागर उचलली अन् परसात नेऊन त्याच्या दोन्ही झाडाले ओतली. भर दुपारी. त्याच्या नावाचं पाणी त्याच्याच झाडाले जावं असं मले वाटलं. आज पाहते त मोठ्या झाडाची पानं कडेनं करपून राहिली.

माह्या हाताखालून कपाशी गेली, तूर गेली, ज्वारी गेली. पण हे आफ्रिकेचं झाड मले काही समजत नाई बापा. तो तिकडे गोऱ्याच्या कॉफीच्या मळ्यावर कामाले होता, तिथून साबणाच्या डबीत बी घेऊन आला. आपल्या काळ्या जमिनीत हे जगत नाई म्हणे, म्हणून पोहऱ्याच्या टेकडीवरून मुरूम आणून परसात उंच ओटा केला. पत्र्याच्या तुकड्यावर 'प्रोटिया' असं नाव लिहून खोचलं. पाणी कवा द्याचं, कोणतं द्याचं, ते मात्र त्यानं तुलेच शिकवलं. तुमी दोघं सकाळी त्या ओट्यापाशी उकिडवे बसत अन् मी चुलीपासून हाका मारे का अरे चहा निवून राहिला. मी कवा विचारलं नाई. मले काय माहीत का तो काविळीनं असा जाईन अन् तू अशी जाशीन.

तुह्या जाण्याचं बोलाचं नाई असं ठरवलं होतं, पण बोलतेच. उत्तमसंगं तुहा पाट लावाचं बोलणं झालं अन् दुसऱ्या दिवशी पहाटे तू मी आणलेलं पाटाचं हिरवं लुगडं उंबऱ्यावर ठेवून निघून गेली. आपल्यात नवरा गेल्यावर दिरासंगं पाट लागते, दुसरं लग्न होते. ती रीत काही आमी काढली नाई. मले तुले घरात ठेवाचं होतं, दुसरं काय? सूर्यभान तीन वर्सं आफ्रिकेत होता तवा या घरात तू अन् मी एका वाकळीत निजलो. तो तुहा नवरा म्हणून इथं राहिला थोडकेच दिवस. तू माह्यापाशी त्याच्याहून जास्त राहिली.

झाड मरून राहिलं. दोन दिवस ये अन् पाणी कसं द्याचं ते दाखवून जाय. माह्यासाठी नको येऊ. झाडासाठी ये.

कौशल्या


वलगाव,
ता. ९ जुलै १९५९

सिंधू,

तुहं कार्ड भेटलं. कार्ड कसलं, सरकारी हुकूमच तो. हे लिहिलं तू, पाहा:

"पाणी सकाळी ऊन चढण्यापूर्वी बुडाशी द्यावे. पानांवर घालू नये. विहिरीचे पाणी जड आहे, ते नको. पावसाचे साठवून द्यावे. बोटाने माती पाहावी, ओली लागली तर त्या दिवशी देऊ नये. बुडाशी खुरपू नये, मुळे वरच असतात. शेणखत अजिबात घालू नये."

खाली नुसतं सिंधू. ना खुशाली, ना नमस्कार. 'आत्याबाई, कशा आहात' एवढं सासूले लिहिलं असतं त काय हात मोडला असता? सहा वर्सं माह्या हातची भाकर खाल्ली तू.

अन् कार्ड आलंही उशिरा. लहान झाड गेलं.

काहून गेलं ते लिहिते. अखजीनंतर दोन्ही झाडं मलूल झाली. आपल्याकडे झाड मलूल दिसलं का हाताले एकच गोष्ट ठाऊक. आपल्या उकिरड्याचं कुजलेलं खत वलगावातले लोक मागून नेतात, ते तुले माहीत आहे. मी स्वतः पाट्या वाहिल्या, स्वतः चाळून बुडाशी घातलं, वरून हलक्या हातानं खुरपलं. पंधरा दिवसांत पानं काळी पडली अन् झाड जागच्या जागी वाळून गेलं. मोठ्या झाडाले घालाचं राहिलं होतं म्हणून ते वाचलं.

तू हसशीन. नाईतर रडशीन. सिंधू, काविळीत तो शिरा मागे. शेवटच्या दिवसांतही माह्याकडे पाहून म्हणे, "माय, थोडकासा दे ना वं, तूप नको टाकू." डॉक्टरनं मनाई केली होती. मी दिला नाई. त्याले उपाशी ठेवून ठेवून पोचवलं. मंग ते झाड असं मान टाकून उभं दिसलं, तवा मले राहवलं नाई. याले त पोटभर घालता येईन, असं वाटलं.

तुहे मामाजी म्हणाले, "काळ्या जमिनीत सारं जग पिकते, अन् याले मुरूम लागते. खाऊ घाला त मरते. कोणत्या मुलखाचं झाड आणलं पोट्ट्यानं!" त्या दिवसापासून ते परसाकडे फिरकले नाई.

आता पाऊस सुरू आहे. तू म्हणते तसं मी पागोळ्यांखाली तीन रांजण लावले. मैनाबाई शेजारून पाहून हसून राहिली, "घरात एवढी विहीर असून कौशल्याबाई वळचणीचं पाणी भरून राहिली वं." हसू दे. मोठ्या झाडाले नवीन दोन पानं आली. तू काही विचारलं नाई, तरी सांगते.

कौशल्या


वलगाव,
ता. २४ जानेवारी १९६०

सिंधू,

उत्तमचं लग्न ठरलं. हिवरखेडची पोरगी आहे, शालू नाव. डोळे मोठे, बोलणं त्याहून मोठं. आपल्या घरात चालून जाईन.

त आता सारं मोकळं झालं. पाटाचं बोलणं संपलं. तुले परत याले आता कोणती अडचण आहे, सांग बरं? परसाकडची खोली तशीच ठेवली आहे. वलगावातही शाळा आहे, अमरावती काही दूर नाई, मोटरीनं जाजो-येजो. कोणी तुले शब्द बोलणार नाई. बोललं त मी आहे.

उत्तम काय म्हणाला तेही लिहिते. सुपारी फुटली त्या दिवशी मी त्याले म्हटलं, "तुही वहिनी त तुले नाई म्हणून पळून गेली, ही पळणार नाई ना?" गंमत केली मी. त्याचं तोंड एवढंसं झालं. म्हणे, "माय, वहिनीनं मले न्हाऊ घातलं हाये. शाळेत जातानी माहे केस विंचरून देत होती. तुमी पाटाचं काढलं तवा मलेच मरावं वाटलं होतं. बाबापुढं बोललो नाई, बस." मी म्हटलं, तवाच काहून नाई सांगितलं रे? त म्हणे, "मले कोणी विचारलं?"

खरंच कोणी विचारलं नोतं. तुलेही विचारलं नोतं. आपल्यात विचारत नाईत.

झाड कमरेएवढं झालं. पानं कशी जाड, चामड्यासारखी. सकाळी बोट खुपसून पाहते, कोरडं लागलं त तांब्यानं बुडाशी घालते, नाईतर तांब्या घेऊन माघारी येते. पहिल्यांदा मले हे लय कठीण गेलं. समोर झाड उभं, हातात पाणी, अन् द्याचं नाई. आता सवय झाली.

लग्न फाल्गुनात आहे. ये. सून म्हणून बोलावत नाई.

तुही आत्याबाई,
कौशल्या


वलगाव,
ता. ३ एप्रिल १९६१

सिंधू,

लग्नाले तू आली नाई, मी गप राहिली. पुढे तुहं कार्ड नाई, मी वर्सभर गप राहिली. पण आता नाई राहत.

तू मागच्या आठवड्यात इथं आली होती. नाई म्हणू नको. मी शालूच्या डोहाळजेवणाचं सामान आणाले अमरावतीले गेली होती अन् शालू तिच्या माहेरी. सांजीले घरी येऊन पाहते त ओट्यावर वाळलं गवत पसरलेलं. बुडापासून चार बोटं जागा सोडून, गोल, नीट. अन् मावळतीच्या उन्हाकडून तुराट्यांची ताटी बांधून उभी केलेली. मी वाकून सुतळीची गाठ पाहिली. अशी उलटी गाठ या घरात एकाच बाईची.

मैनाबाईले विचारलं. म्हणे, "तुमची सून आली होती जी. मी च्या मांडते म्हटलं त म्हणे मोटर चुकीन."

"रडून राहिली होती काय?" मी विचारलं.

"नाई जी. झाडासंगं काईबाई बोलून राहिली होती."

वा गं सिंधूबाई! झाडासंगं बोलली अन् माह्यासंगं बोलाले तुले दोन वर्सं झाले वेळ नाई. मी घरात नाई हे पाहून आली का तू? कोणाले विचारून आली? तुह्यावर एवढा राग आला का मी त्या रात्री जेवली नाई. पण ते गवत मी हलवलं नाई. रोज सकाळी पाणी घालतानी तुही गाठ पाहते.

यंदा उन्हाळा लवकर तापला. रांजणांत तळाले थोडकंच पाणी उरलं. मी कोणाले काही बोलली नोती. परवा तुह्या मामाजीनं बंडी जुंपली अन् दुपारी परत आले त बंडीत पाण्याचे डबे. पोहऱ्याकडच्या तलावाचं पाणी. म्हणाले, "हे जड नाई." डबे रांजणात ओतले अन् बैल सोडाले गेले. दोन वर्सं ज्यायनं परसाकडे पाहिलं नाई त्यायचं हे काम.

पुढच्या वेळी येशीन त मी घरात असतानी ये.

तुही आत्याबाई


वलगाव,
ता. १९ ऑक्टोबर १९६१

आज वर नावही लिहाची इच्छा नाई.

अकोल्याच्या बाजारातून आलेल्या माणसाच्या तोंडून मले ऐका लागलं का तू लग्न करून राहिली. तुह्याच शाळेत कोणी कमलाकांत मास्तर आहे, त्याची बायको मेलेली आहे, माघात लग्न आहे. साऱ्या वलगावले माहीत झालं, मंग मले.

तू उत्तमले नाई म्हणून गेली तवा मले राग आला होता. पण मनाच्या एका कोपऱ्यात बरंही वाटलं होतं. वाटलं, पोरीले सूर्यभानची जागा कोणाले द्याची नाई. त्या भरवशावर मी इतके दिवस त्याच्या झाडाले पाणी घातलं. तू तिकडे त्याच्या नावानं बसली आहे अन् मी इकडे, असं मले वाटे. कोणी तरी माह्यासंगं आहे असं वाटे.

आता मी एकटीच उरली. तुले दुसरा नवरा भेटते. मले दुसरा सूर्यभान कुठून भेटन?

झाडाचं आता नाव काढू नको. उद्या कुदळ घेते अन् मुळासकट काढून फेकते. ना तू ये, ना पत्र लिहू.

कौशल्या खुशालराव


वलगाव,
ता. ७ डिसेंबर १९६१

सिंधू,

कुदळ घेतली होती. खोटं सांगत नाई. पत्र पेटीत टाकून आली, लुगडं खोचलं अन् ओट्यावर चढली. पहिला घाव घालाच्या आधी कोणत्या बाजूनं घालावा म्हणून वर पाहिलं, त मधल्या शेंड्यावर कळी. आधी कधी दिसली नोती, पानात दडून होती. बोंडाएवढी, बंद, वरून खवले. मी तिथंच बसली. शालू लेकराले घेऊन शोधत आली, म्हणे सासूबाई काय झालं? मी म्हटलं, काही नाई, बोट खुपसून पाहून राहिली ओलं आहे का.

तुहं पत्र त्यानंतर आठवड्यानं भेटलं. पाकीट जड लागलं तवाच समजली का आज हुकूम नाई. उत्तर द्याले एवढे दिवस लागले, कारण मी ते रोज एकदा वाचत होती.

तू लिहिलं: "आत्याबाई, मी सतराव्या वर्षी तुमच्याकडे आले. तुमच्या घरात मला तुमची मुलगी होऊन जन्मभर राहता आले असते. सूर्यभान गेल्यावर मी तीच वाट पाहत होते, की तुम्ही मला जवळ घ्याल आणि म्हणाल, पोरी, तू इथेच राहा. तुम्ही लुगडे घेऊन आलात. ज्याला मी न्हाऊ घातले त्याच्या नावाचे."

मले वाटलं होतं का लुगडं आणणं म्हणजेच 'इथंच राहा' म्हणणं. दुसऱ्या तऱ्हेनं म्हणता येते हे मले कोणी शिकवलं नाई.

अन् तू हेही लिहिलं: "कमलाकांतांना मी प्रोटियाचे सारे सांगितले आहे. ऐकून त्यांनी एकच विचारले, त्याला आता पाणी कोण घालतं?"

हे वाक्य मी तुह्या मामाजीले वाचून दाखवलं. ते म्हणाले, "पुन्हा वाच." मी पुन्हा वाचलं. माणूस बरा दिसते. मले आवडला नाई, पण बरा दिसते.

शेवटी लिहिलं तू: "झाडाला कळी येईल तेव्हा लक्षात ठेवा. फूल पुरते उमलले की कापायचे. कापले नाही तर ती फांदी तिथेच अडून बसते, खालून फुटत नाही, असे सूर्यभान म्हणत."

ते मी करणार नाई. इतक्या वर्सांनी त्याच्या हातचं एक फूल येईन अन् त्याच्यावर मी विळा चालवू? बाकी तुहं सारं ऐकलं. शेणखत सोडलं, खुरपं सोडलं, विहिरीचं पाणी सोडलं. हे ऐकणार नाई.

कळी रोज पाहते. वाढून राहिली.

तुही आत्याबाई


वलगाव,
ता. ११ फेब्रुवारी १९६२

चि. सिंधू,

हे पत्र उत्तमच्या हाती आहे. त्याच्या दुसऱ्या हातात काय आहे ते तुले दिसलंच असन.

मागच्या रविवारी ते पुरतं उमललं. हाताच्या पंजाहून मोठं. पाकळ्या म्हणाव्या त पाकळ्या नाईत, गुलाबी पाती नुसती, अन् मधात पांढरी मऊ लव. वास नाई. मैनाबाई म्हणे, "एवढी वर्सं पाणी घालून वासही नाई देत?" अर्धं वलगाव पाहून गेलं. तुहे मामाजी ओट्यापाशी बाज टाकून बसले अन् येणाऱ्याले सांगत, "माह्या सूर्यभाननं लावलं." पोरगा गेल्यापासून त्याचं नाव त्यायच्या तोंडून मी पहिल्यांदा ऐकलं.

मी त ते तसंच ठेवणार होती. पण काल सकाळी पाणी घालतानी माह्या मनात आलं, का याले मी किती दिवस पाहीन? वाळन, गळन, अन् फांदी तिथंच अडून बसन. त्यानं तुले सांगून ठेवलं होतं, त काही समजूनच सांगितलं असन. मी विळा काढला. तुह्या मामाजीनं फांदी धरली. त्यायनं तोंड दुसरीकडे फिरवलं. मी म्हटलं, तुमाले दुखत असन त नाई कापत. ते म्हणाले, "काप. पोरीच्या लग्नाले जाऊन राहिलं." पोरीच्या म्हणाले, सिंधू. सुनेच्या नाई.

मी कापलं. कापल्यावर ओट्यावर बसून मोठ्यानं रडली. तो गेला त्या दिवशी एवढी रडली नोती. त्या दिवशी तुले सांभाळाचं होतं.

उत्तमले मी भाऊ म्हणून पाठवलं. मांडवात तुह्यामागं भाऊ उभा राहते तिथं त्याले उभा करजो. ज्याच्यासंगं आमी तुहा पाट लावून राहिलो होतो तोच तुले भाऊ म्हणून आला, हे पाहून कोणी हसलं त हसू दे. त्यानं कालपासून नवी टोपी घालून आरशात दहा वेळा पाहिलं. ओटीचं खण-नारळ शालूनं बांधून दिलं आहे. खण हिरवा नाई. मी पाहून घेतला.

मी येत नाई. दुसऱ्याच्या बाजूला तुले बसलेली पाहाची माही छाती नाई. एवढं खरं बोलू दे मले. पण कमलाकांतरावाले माहा आशीर्वाद सांगजो अन् त्यायच्या प्रश्नाचं उत्तर सांगजो. पाणी मी घालते.

लग्न झालं का फूल पाण्यातून काढून सावलीत उलटं टांगजो. वाळन, पण रूप मोडत नाई म्हणे. हे तुले माह्याहून जास्त ठाऊक आहे.

तुही आत्याबाई,
कौशल्या


वलगाव,
ता. २० सप्टेंबर १९६२

चि. सौ. सिंधूस,

पाहा, लिहिलं. आधी उत्तमच्या शाळेतल्या जुन्या पाटीवर लिहून पाहिलं, मंग कागदावर. चांगलं दिसते.

तुहं अन् कमलाकांतरावाचं पत्र भेटलं. त्यायचं अक्षर तुह्याहून बरं आहे, रागावू नको. फूल पुस्तकांच्या कपाटावर ठेवलं आहे अन् त्यायनंच त्याच्यावर काचेचं झाकण आणून घातलं, हे वाचून बरं वाटलं. मामाजी म्हणाले, "म्हटलं नोतं, माणूस बरा हाये." त्यायनं कवाच म्हटलं नोतं. मीच म्हटलं होतं.

आता जे सांगाले हे पत्र घेतलं ते सांगते.

सूर्यभान अन् तू म्हणत होते ते खरं निघालं. फूल कापल्यावर उन्हाळ्यात खालून तीन फुटवे आले. कसे लालसर, मऊ. मी रोज मोजून पाहे, कमी त झाले नाई ना म्हणून. सारा उन्हाळा मामाजीनं तलावाचं पाणी आणलं. झाड तगलं. मी म्हटलं आता काही भेव नाई, पुढच्या वर्सी तीन फुलं येतीन. एक तुले, एक शालूच्या लेकराच्या जावळाले, एक मी ठेवीन, असं मी ठरवूनही टाकलं होतं.

मंग श्रावणात जी झड लागली ती उघडेचना. उन्हाचं तोंड दिसेना. मुरमाचा ओटा वरून कोरडा वाटे, पण खाली जमीन आपलीच, काळी. तिनं पाणी धरलं अन् सोडलंच नाई. मी अन् उत्तमनं ओट्याभोवती चर खोदला, मामाजीनं वर ताडपत्री बांधली, पावसात भिजत उभे राहिले म्हातारे. पहिल्यांदा फुटवे माना टाकून बसले. मंग पानं पिवळी पडली. बोट खुपसून पाहे त रोज ओलं. पाणी घालाचं कसं ते तू शिकवलं होतं, सिंधू. आलेलं पाणी काढाचं कसं ते तुलेही ठाऊक नोतं अन् त्यालेही.

भादव्यात गेलं. तो गेला त्याच महिन्यात.

तुह्या हातून काही चुकलं असं मनात आणू नको. माह्याही हातून यावेळी काही चुकलं नाई, हे मी मनाले सांगून राहिली. उत्तम म्हणे उपटून टाकतो. मी म्हटलं राहू दे, तुही वहिनी दिवाळीले येईन तवा पाहून घेईन. मी अजून कोणाले समोर रडून दाखवलं नाई. तुलेच हे लिहून राहिली.

यंदा तिन्ही रांजण काठोकाठ भरले आहेत. वर्सभर पुरन एवढं गोड पाणी. अन् मी बाई अशी, का सकाळी उठते, तांब्या बुडवते, परसाचं दार उघडते अन् मंग आठवते. तांब्या हातात घेऊन तशीच उभी राहते. शालू म्हणते, सासूबाई, तुळशीले घाला. तुळशीले घालते. पण तुळस काही मले विचारत नाई, किती दिलं अन् काहून दिलं.

भाऊबिजेले ये. उत्तमनं आतापासून ओवाळणीचं लुगडं आणून ठेवलं आहे, मले रंग सांगत नाई. कमलाकांतरावाले घेऊन ये. मी घरात राहीन. कुठी जाणार नाई. रांजणातलं पाणी तुमाले प्याले देईन.

अन् ते फूल जपजो. आता सूर्यभानच्या हातचं तेवढंच उरलं, अन् ते तुह्यापाशी आहे. उन्हात ठेवू नको, ओल्या हातानं शिवू नको. त्याले आता पाणी लागत नाई.

तुही माय,
कौशल्या